रस्ता दरवर्षी का उखडतो? अर्धं उत्तर साखर कारखान्याच्या वजनकाट्यावर आहे

नोव्हेंबर उजाडला की पश्चिम महाराष्ट्रातल्या रस्त्यांचं रूपच बदलतं. कारखान्यांची धुराडी पेटतात, ऊसतोड टोळ्या फडात उतरतात आणि कारखान्याच्या दिशेने ट्रॅक्टरची रांग लागते. एका ट्रॅक्टरमागे दोन ट्रॉल्या, दोन्ही शिगोशीग भरलेल्या. मागून येणाऱ्या दुचाकीला ना समोरचं दिसतं, ना ओव्हरटेक करायला जागा मिळते.

याच दिवसांत मोबाईलवरही एक हंगाम सुरू होतो, खड्ड्यांच्या रील्सचा. कुणी खड्ड्यात झाड लावतं, कुणी केक कापतं. खाली कमेंट ठरलेल्या असतात, "टक्केवारी खाल्ली", "ठेकेदाराला काळ्या यादीत टाका".

निकृष्ट काम होतंच, त्यात वाद नाही. पण फक्त ठेकेदार बदलून प्रश्न सुटला असता, तर तोच रस्ता दर दोन-तीन वर्षांनी त्याच ठिकाणी खचला नसता. रस्ता कुणाचा, तो कशावर उभा आहे, त्यावरून किती वजन जातं आणि पाण्याला वाट आहे का, हे चार प्रश्न एकत्र पाहिले तरच ही गोष्ट समजते.

आधी हे पाहा, रस्ता कुणाचा?

महाराष्ट्रात रस्त्यांची उतरंड साधारण अशी आहे. वर राष्ट्रीय महामार्ग, त्याखाली राज्य मार्ग, मग प्रमुख जिल्हा मार्ग, इतर जिल्हा मार्ग आणि शेवटी ग्रामीण रस्ते. राज्य मार्ग आणि प्रमुख जिल्हा मार्ग सार्वजनिक बांधकाम विभागाकडे असतात. इतर जिल्हा मार्ग आणि ग्रामीण रस्ते जिल्हा परिषदेकडे. राष्ट्रीय महामार्गाचा पैसा आणि निर्णय केंद्राचा.

ओळखायची सोपी खूण म्हणजे किलोमीटरचा दगड. वरचा रंग पिवळा असेल तर राष्ट्रीय महामार्ग, हिरवा असेल तर राज्य मार्ग आणि केशरी असेल तर ग्रामीण रस्ता.

शेतकऱ्याच्या दृष्टीने यातला कळीचा रस्ता म्हणजे हिरव्या दगडाचा. शेतातून निघालेला माल पाणंदीने आणि गावच्या रस्त्याने बाहेर येतो, पण बाजारपेठ, कारखाना किंवा महामार्ग गाठायला लागतो तो राज्य मार्गच. अडचण अशी, की यातले बरेच रस्ते मुळात कच्चे किंवा खडीचे होते. नंतर डांबराचा थर आला, मग त्यावर आणखी एक. वरून दर्जा वाढत गेला, पण खालचा पाया जुनाच राहिला.

पेठ-सांगली रस्त्याचं उदाहरण

सांगली जिल्ह्यातला पेठ-सांगली रस्ता याचं चांगलं उदाहरण आहे. पुणे-बेंगळुरू महामार्गावरच्या पेठ नाक्यावरून निघून इस्लामपूर म्हणजे आताचं ईश्वरपूर, आष्टा, तुंग, कसबे डिग्रज करत तो सांगलीत येतो. लांबी ४१ किलोमीटरच्या आसपास. दोन्ही बाजूंना कृष्णा-वारणा पट्ट्यातली उसाची शेती. सांगलीच्या टोकाला हळदीची मोठी बाजारपेठ, जिथल्या हळदीला २०१८ मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. म्हणजे ऊस, हळद, भाजीपाला, कॉलेजची पोरं आणि दवाखान्यात निघालेले पेशंट, सगळ्यांची ये-जा याच रस्त्यावरून.

हा आधी राज्य मार्ग होता. पुढे त्याला राष्ट्रीय महामार्गाचा दर्जा मिळाला आणि १६६ एच हा क्रमांक आला. पण क्रमांक बदलला म्हणून खड्डे बुजत नाहीत. या रस्त्यासाठी वेळोवेळी आंदोलनं झाली. चौपदरीकरणाचं भूमिपूजन व्हायला जानेवारी २०२३ उजाडलं, तेव्हा केंद्रीय मंत्री नितीन गडकरी यांच्या हस्ते ते झालं.

दर्जा मिळणं आणि काम होणं यात इतकं अंतर का पडतं? कारण रस्ता राज्याच्या यादीतून निघाला की राज्याच्या दुरुस्ती निधीतून त्यावर खर्च करणं अवघड होतं. केंद्राचा मोठा निधी यायचा तर आधी सविस्तर प्रकल्प अहवाल, भूसंपादन, निविदा अशा पायऱ्या असतात. या मधल्या काळात रस्ता अक्षरशः दोन घरचा पाहुणा होतो आणि दोन घरचा पाहुणा उपाशी राहतो हे वेगळं सांगायला नको. त्या काळात खड्डे बुजवले जातात, रस्ता होत नाही.

पेठ-सांगलीला निदान राष्ट्रीय महामार्गाचा दर्जा आणि चौपदरीकरण मिळालं. राज्यातले असंख्य हिरव्या दगडाचे रस्ते तेवढंच वजन झेलत आहेत आणि त्यांच्यासाठी असा मोठा प्रकल्प येईलच याची खात्री नाही.

खाली काळी माती, म्हणजे काय?

उसाचा पट्टा म्हणजे बहुतेक ठिकाणी काळी माती. शेतीला सोनं, रस्त्याला डोकेदुखी. या मातीतली चिकणमाती पाणी प्यायली की फुगते आणि वाळली की आक्रसते. उन्हाळ्यात शेतात पडणाऱ्या भेगा सगळ्यांनी पाहिल्यात. तशीच हालचाल रस्त्याखालीही होत असते. वरचं डांबर तिच्याबरोबर ताणलं जातं आणि चिरतं. त्या चिरेतून पाणी खाली जातं, माती मऊ होते आणि पुढचं जड वाहन आलं की तिथे खड्डा पडतो.

यावर उपाय आहेत. वरची काळी माती काढून चांगला मुरूम भरणं, मातीत चुना मिसळून तिचा फुगण्याचा गुण कमी करणं, पायाची जाडी वाढवणं. पण हे सगळं जमिनीखालचं काम आहे. ते दिसत नाही, त्याला वेळ लागतो आणि पैसाही. नुसता डांबराचा नवा थर मात्र आठवड्यात दिसतो, त्याचा फोटोही छान येतो.

वजन थोडं वाढलं, तर नुकसान थोडंच वाढतं का?

इथे या गोष्टीतला सगळ्यात महत्त्वाचा आकडा येतो.

१९५८ ते १९६० या काळात अमेरिकेतल्या इलिनॉय राज्यात एक मोठा प्रयोग झाला. मुद्दाम बांधलेल्या रस्त्यांवरून ठरावीक वजनाचे ट्रक दोन वर्षं फिरवण्यात आले आणि रस्ता कसा झिजतो ते मोजलं गेलं. त्यातून जो ढोबळ नियम निघाला त्याला चौथ्या घाताचा नियम म्हणतात. सोप्या भाषेत, अ‍ॅक्सलवरचं वजन दुप्पट झालं तर रस्त्याचं नुकसान दुप्पट होत नाही, तब्बल १६ पट होतं. वजन २० टक्क्यांनी वाढलं तरी नुकसान जवळपास दुप्पट होतं. दीडपट वजनाला ते पाचपट होतं.

एक साधा हिशेब मांडू. समजा १२० टन ऊस कारखान्यात न्यायचा आहे. वाहनाची क्षमता २० टनांची धरली तर ६ खेपा होतात. प्रत्येक खेपेला २४ टन भरले तर ५ खेपांत काम होतं. वाहतूकदाराची एक खेप वाचली. पण पहिल्या हिशेबात रस्त्याची झीज ६ एकक असेल, तर दुसऱ्या हिशेबात ती १० एककांच्या पुढे जाते. एका खेपेचं डिझेल वाचवताना रस्त्याचं ७० टक्के जास्त नुकसान झालं. यात रिकाम्या वाहनाचं वजन धरलेलं नाही, त्यामुळे आकडे ढोबळ आहेत, पण दिशा हीच राहते.

आता यात टायरची गोष्ट मिसळा. भारतात रस्त्याची जाडी ठरवताना अ‍ॅक्सलच्या दोन्ही बाजूंना जोडटायर असतील तर साधारण ८ टन हे प्रमाण वजन धरतात. दोन्ही बाजूंना एकेकच टायर असेल तर तेच प्रमाण साधारण साडेसहा टनांवर येतं. म्हणजे कमी टायरवर कमी वजनही तेवढंच नुकसान करतं. एकेरी टायरच्या ट्रॉलीत ऊस जास्त भरला की भार रस्त्याच्या लहानशा तुकड्यावर एकवटतो. त्यात वाहन हळू चाललेलं असतं. डांबरावर वजन जितका जास्त वेळ राहील तितकं ते दबतं, म्हणून चढावर आणि कारखान्याच्या फाट्यावर चाकोऱ्या खोल पडलेल्या दिसतात.

हे फक्त ट्रॉलीचं नाही. जुलै २०१८ मध्ये केंद्र सरकारने ट्रकची वजनमर्यादा वाढवली. चार टायरच्या एका अ‍ॅक्सलवर आधी १०.२ टन चालायचे, ते ११.५ टन झाले. वाढ दिसायला १३ टक्क्यांची. चौथ्या घाताने पाहिलं तर एका अ‍ॅक्सलमुळे होणारी झीज ६० टक्क्यांनी वाढली, तीही पूर्ण कायदेशीरपणे. जुने राज्य मार्ग मात्र आधीच्याच पायावर उभे होते.

पाणी अडवतं कोण?

रस्त्याचा सर्वात मोठा शत्रू वजन की पाणी, असं विचारलं तर उत्तर आहे, दोघं मिळून. कोरड्या पायावर रस्ता बरंच वजन सोसतो, ओल्या पायावर नाही.

म्हणून रस्त्याला मधोमध थोडा उंचवटा, कडेला मुरमाची साईडपट्टी, तिच्या खाली गटार आणि ओढ्याच्या जागी मोरी अशी रचना असते. प्रत्यक्षात बऱ्याच ठिकाणी गटार शोधावी लागते. शेतात ट्रॅक्टर घालायचा म्हणून ती मातीने बुजवलेली असते, खाली पाईपही टाकलेला नसतो. उपसा सिंचनाची पाईपलाईन पलीकडे न्यायची म्हणून रस्ता आडवा खोदलेला असतो आणि चर नीट भरलेला नसतो. उसाला दिलेलं पाणी बांध ओलांडून साईडपट्टीत मुरत असतं.

ही बाजू रील्समध्ये येत नाही, कारण तिथे बोट दाखवायला लांबचं कुणी नसतं. बुजवलेली गटार मोकळी करायची जबाबदारी विभागाची आहेच. पण ती बुजवली कुणी, हे गावात सगळ्यांना माहीत असतं.

मग जादा वजन थांबवत का नाहीत?

कायदा आहे. मोटार वाहन कायद्यानुसार मर्यादेपेक्षा जास्त वजन नेल्यास २० हजार रुपये दंड आणि वरच्या प्रत्येक टनाला २ हजार रुपये अशी तरतूद २०१९ च्या दुरुस्तीने आली. पण रस्त्यावर अंमलबजावणी करायची तर वाहन थांबवून वजन करावं लागतं. हंगामात रोज शेकडो वाहनं असताना हे जमत नाही, आणि जमवायची इच्छाही फारशी दिसत नाही.

कारण या साखळीत प्रत्येकाची आपापली गरज आहे. वाहतूकदाराला पैसे टनावर आणि अंतरावर मिळतात. ट्रॅक्टरचा हप्ता डोक्यावर, टोळीच्या मुकादमाला दिलेली उचल अडकलेली, मग खेप भरून न्यावीशी वाटणारच. तोडलेला ऊस उन्हात पडून राहिला तर वजन आणि साखरेचा उतारा दोन्ही घटतात, म्हणून शेतकऱ्याला आणि कारखान्याला घाई. हंगाम १००-१२५ दिवसांचा, त्यामुळे अधिकाऱ्यांवरही गाड्या अडवू नका असा दबाव.

शेवटी पैसे मोजतो कोण? महाराष्ट्रात उसाच्या एफआरपीतून तोडणी आणि वाहतुकीचा खर्च वजा होऊन बाकी रक्कम शेतकऱ्याच्या खात्यात येते. २०२५-२६ च्या हंगामासाठी एफआरपी १०.२५ टक्के उताऱ्याला टनामागे ३,५५० रुपये आहे. रस्ता खराब म्हणून जे जादा डिझेल जळतं, टायर फुटतात, पाटे तुटतात, वेळ जातो, तो खर्च आज ना उद्या वाहतुकीच्या दरात येतो. म्हणजे रस्त्याचा खड्डा शेवटी शेतकऱ्याच्याच बिलात पडतो.

आणि काही जण पैशापेक्षा मोठी किंमत मोजतात. रात्री मागे दिवा नसलेल्या, रिफ्लेक्टर नसलेल्या ट्रॉलीवर दुचाकी आदळल्याच्या बातम्या दर हंगामात येतात. खड्डा चुकवायला गाडी उजवीकडे घेतली आणि समोरून वाहन आलं, हीही तशीच नेहमीची बातमी. ऑक्टोबर २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने खड्ड्यामुळे मृत्यू झाल्यास वारसांना ६ लाख रुपये भरपाई देण्याचा आदेश दिला. सुरक्षित रस्ता हा जगण्याच्या हक्काचा भाग आहे, अशी न्यायालयाची भूमिका आहे. पण भरपाई अपघातानंतर मिळते. प्रश्न त्याआधीचा आहे.

वजन तर रोज मोजलं जातंय

आता सगळ्यात विचार करण्यासारखी गोष्ट.

रस्ता किती जाडीचा हवा हे ठरवायला त्यावरून किती वजन जातं हे माहीत असावं लागतं. इंडियन रोड्स काँग्रेसच्या मार्गदर्शक सूचनांमध्ये ग्रामीण भागातली वाहनं वर्षातून किमान दोनदा मोजावीत, एकदा ऐन सुगीत आणि एकदा मंदीच्या काळात, असं म्हटलंय. मोजणी हंगाम सोडून झाली तर उसाची वाहनं हिशेबातच येत नाहीत. आणि नुसती वाहनं मोजली तरी त्यांचं वजन कळत नाही. त्यासाठी वेगळं सर्वेक्षण लागतं.

पण उसाच्या बाबतीत हे वजन मोजायला नवीन यंत्रणा लागतच नाही. कारखान्यात येणारं प्रत्येक वाहन भरलेलं असताना काट्यावर चढतं आणि रिकामं झाल्यावर पुन्हा चढतं. कोणत्या गावातून आलं, किती वाजता आलं, एकूण वजन किती, ही सगळी नोंद होते. दिवसाला ५,००० टन गाळप करणारा कारखाना धरला आणि एका खेपेला सरासरी २० टन धरले, तर रोज २५० खेपा आणि १०० दिवसांत २५,००० खेपांची नोंद तयार असते. एवढी माहिती कुठल्याही सर्वेक्षणातून मिळणार नाही.

ही नोंद आज बिलासाठी वापरली जाते. रस्त्यासाठी नाही.

ती बांधकाम विभागाकडे गेली तर दोन गोष्टी होऊ शकतात. एक, कोणत्या राज्य मार्गावर खरा भार किती आहे हे कळेल आणि त्या तुकड्याचा पाया त्या भाराला साजेसा करता येईल. सगळा रस्ता काँक्रीटचा करायची गरज नाही, कारखान्याकडे जाणारे शेवटचे काही किलोमीटर मजबूत केले तरी मोठा फरक पडतो. दोन, मर्यादेपेक्षा जास्त वजनाचं वाहन रस्त्यात न अडवता काट्यावरच कळेल. जादा वजनाच्या खेपेला जादा पैसे मिळणार नाहीत, एवढा साधा नियम केला तरी ट्रॉली शिगोशीग भरण्याचं कारण उरत नाही.

याला दुसरी बाजू आहे आणि ती खरी आहे. वजन कमी भरलं तर खेपा वाढतील, वाहतुकीचा खर्च वाढेल. तो सगळा शेतकऱ्याच्या एफआरपीतून कापला गेला, तर रस्ता वाचवण्याचं बिलही त्यालाच भरावं लागेल. म्हणून खेपांचा जादा खर्च कारखाना, राज्य आणि वाहतूकदार यांच्यात कसा वाटायचा, हे आधी ठरायला हवं. ते न ठरवता फक्त दंड लावला, तर तो चालकाच्या खिशातून जाईल आणि दुसऱ्या दिवशी ट्रॉली तेवढीच भरलेली असेल.

तुम्ही काय विचारू शकता?

खड्ड्याचा व्हिडिओ टाकण्याआधी जवळचा किलोमीटरचा दगड पाहा, म्हणजे तक्रार कुणाकडे करायची ते कळेल. रस्त्याच्या कामाचा फलक दिसला तर त्यावर दोष दायित्व कालावधी शोधा. त्या कालावधीत रस्ता खराब झाला तर दुरुस्ती ठेकेदाराने स्वतःच्या खर्चाने करायची असते. फलक नसेल तर माहितीच्या अधिकारात ही माहिती मागता येते.

आणखी एक जागा आहे, जिचा फारसा विचार होत नाही. सहकारी कारखान्याचा ऊस उत्पादक हा नुसता पुरवठादार नसतो, तो सभासदही असतो. दरवर्षीच्या वार्षिक सर्वसाधारण सभेत ऊसदरावर, डिस्टिलरीवर, सवलतीच्या साखरेवर प्रश्न येतात. गेल्या हंगामात मर्यादेपेक्षा जास्त वजनाच्या किती खेपा काट्यावर आल्या आणि त्या कोणत्या रस्त्याने आल्या, हा प्रश्नही तिथे विचारता येतो.

उत्तर कारखान्याच्या संगणकात आहेच. ते फक्त कुणी मागितलेलं नाही.